पूर ओसरून दोन वर्षं होत आली, आई अजून पावसाच्या रात्री झोपत नाही

तळमजला_डागा | 10 जुलै 2025, रात्री 1:50

पाऊस लागून आहे. आई हॉलमध्ये अंधारात बसली आहे. दर पंधरा-वीस मिनिटांनी उठते, दार उघडते, बॅटरी मारून पायऱ्या पाहते. चार पायऱ्या आहेत आमच्या. चारही दिसल्या की परत येऊन बसते.

नागपूरचा 2023 चा पूर ज्यांनी पाहिला त्यांना सांगायला नको, बाकीच्यांसाठी थोडक्यात. 22 सप्टेंबर, शुक्रवार. घरी महालक्ष्म्यांचं जेवण होतं. सोळा भाज्या, पुरण, कढी, आंबिल, चाळीसेक पानं उठली. भांडी आवरून पडायला साडेबारा झाले. मग तो पाऊस. चार तासांत शंभर मिलिमीटरच्या वर. अंबाझरी तलाव ओसंडला आणि नाग नदी वस्त्यांत शिरली. पहाटे मी पलंगावरून पाय खाली ठेवला तो पाण्यात. बघता बघता ज्येष्ठा-कनिष्ठा कमरेपर्यंत बुडाल्या. आंबिलीचं पातेलं तरंगत स्वयंपाकघरातून हॉलमध्ये आलं, ते मला अजून दिसतं. मी आईला ओढतेय आणि आई म्हणतेय, मुखवटे काढल्याशिवाय मी हलत नाही. शेवटी दोघी दोन मुखवटे छातीशी धरून वरच्या मजल्यावर गेलो. दुपारी बोटीतून बाहेर निघालो तेव्हाही ते तिच्या मांडीवरच होते. विसर्जन त्याच दिवशी होतं, ते राहूनच गेलं.

त्यानंतरचं सगळं झालं. चिखल निघाला, पंचनामा झाला, सरकारचे 10 हजार आले, प्लॅस्टर नवीन, फ्रिज नवीन. लोक म्हणतात, घर तर पहिल्यापेक्षा छान झालं तुमचं. आई 71 वर्षांची आहे. आमच्या घरचं कुणी गेलं नाही, म्हणून हे सांगायलाही लाज वाटते.

उपदेश नको. तुमच्याकडे असं काही झालं असेल तर घरात काय केलं, तेवढं सांगा.

प्रतापनगर_चौक | 10 जुलै, सकाळी 7:15

ताई, काकूंना वरच्या मजल्यावर घर बघा. खोलगट भागात तळमजला ठेवूच नये माणसानं.

तळमजला_डागा | 10 जुलै, सकाळी 7:40

बघितलं. आईचे गुडघे आणि आमची लिफ्ट नसलेली इमारत, दोघांचं जमत नाही. आणि ती म्हणते, या घरात 38 वर्षं काढली, एका रात्रीसाठी सोडू का? मला त्यावर उत्तर सुचलं नाही.

तर्री_कमी_टाक | 10 जुलै, सकाळी 9:02

राग मानू नका, पण एक दिवस पाणी आलं, उतरलं. कोल्हापूर-सांगलीवाल्यांचं पाहा, त्यांना हे दर दोन-चार वर्षांनी. आपण उगाच कुरवाळत बसतो. कामाला लागलं की सगळं विसरतं.

गाडीवाला_खामला | 10 जुलै, दुपारी 2:20

तर्री भाऊ, मी कामालेच लागलो होतो ना. माझं गॅरेज आहे. 23 तारखेच्या दुपारपासून गाड्या येणं सुरू झाल्या, टोचन लावून. दहा दिवसांत मी किती इंजिनं उघडली मले आठवत नाही. सकाळी सात ते रात्री एक. लोकायनं काय केलं होतं, पाणी उतरल्या उतरल्या सेल्फ मारला. अरे बाप्पा, सिलिंडरमध्ये पाणी भरलं असते, पाणी काही हवेसारखं दाबल्या जात नाही, पिस्टन अडकते आणि कनेक्टिंग रॉड वाकते. तिथंच इंजिन मेलं. वरून विमा कंपनी म्हणते, पाण्यानं नाही, तुमच्या सेल्फनं खराब झालं. ज्याच्याकडे इंजिन प्रोटेक्शनवाली पॉलिसी होती तो वाचला. हे सगळ्यायनं लिहून ठेवा : गाडी बुडली तर चावी लावायचीच नाही, फोटो काढायचे, बॅटरीची तार काढायची, टोचन बोलवायचं.

तर म्हणून राहिलो का, त्या दहा दिवसांत मले काहीच झालं नाही. उलट जोर आला होता. मंग दिवाळीच्या आधी एक म्हातारे काका आले, जुनी गाडी, भंगारात द्यायची होती. डिक्कीत नातवाची सायकलची घंटी सापडली, चिखलानं भरलेली. मी ती घंटी धुतली आणि वाजवली. आणि तिथंच बसून रडलो, पोट्ट्यायसमोर. काहून रडलो ते अजून समजलं नाही. माझ्या घरी तर पाणीही आलं नव्हतं.

कामानं विसरत नाही भाऊ. काम संपेपर्यंत ते बाहेर उभं राहते.

तर्री_कमी_टाक | 10 जुलै, दुपारी 3:11

बरं. मागे घेतो.

व्यवस्थापक | 10 जुलै, सायंकाळी 6:00

पूर कुणामुळे आला, अंबाझरीजवळचा पुतळा, स्लॅब, नदीचं पात्र, यावरचे सहा प्रतिसाद दुसऱ्या धाग्यावर हलवले आहेत. तो वाद उच्च न्यायालयात गेला आहे, इथे नको. या धाग्यावर ताईंनी विचारलं आहे तेवढंच बोलू या.

पाचपावली_ओपीडी | 11 जुलै, रात्री 10:30

मी मानसिक आरोग्याच्या कामात आहे. डॉक्टर नाही, समुपदेशक.

ताई, पहिलं म्हणजे लाजेचं काढून टाका. आपल्याकडे कुणी गेलं तरच दुःखाचा परवाना मिळतो असं धरून चालतात, त्यामुळे लोक वर्ष-वर्ष तोंड उघडत नाहीत. आमच्याकडे त्या पुरानंतर जी माणसं आली त्यांतली बरीच 'मला काही झालं नाही, पण' याच शब्दांनी सुरुवात करायची.

दुसरं, एखाद्या मोठ्या धक्क्यानंतर झोप न लागणं, दचकणं, तेच तेच डोळ्यांपुढे येणं हे बहुतेकांना होतं आणि बहुतेकांचं काही आठवड्यांत आपोआप ओसरतं. महिन्याहून जास्त टिकलं, रोजचं जगणं अडू लागलं, तर मात्र दाखवायला हवं. काकूंना दोन वर्षं होत आली. एकदा साधी तपासणीही करून घ्या. या वयात रक्तदाब, थायरॉइड, चालू गोळ्या यांनीही झोप उडते आणि आपण सगळं पुरावर ढकलतो. दवाखान्यात यायला तयार नसतील तर 14416 हा टेली-मानसचा नंबर आहे, सरकारी, चोवीस तास, मराठीतूनही बोलता येतं, पैसे लागत नाहीत. आधी तुम्ही स्वतः लावून बघा. तुम्हीही रात्री 1:50 ला जाग्याच होता, हे मी पाहिलं.

तिसरं, त्यांना 'बोल, मन मोकळं कर' म्हणून खनपटीला बसू नका. पूर्वी असं मानत की घटनेनंतर लगेच सगळं वदवून घेतलं की बरं वाटतं. आता जागतिक आरोग्य संघटनाही तसं करू नका म्हणते. मानसिक प्रथमोपचारात तीनच गोष्टी शिकवतात : पाहा, ऐका, जोडून द्या. माणूस बोलला तर ऐकायचं. नाही बोलला तर चहा द्यायचा.

आणि ते पायऱ्या पाहणं. बंद करायला सांगू नका. पण दर वेळी पाहिलं की क्षणभर जीव शांत होतो, म्हणून पुन्हा पाहावंसं वाटतं, आणि भीती तिथंच मुक्काम ठोकते. पंधरा मिनिटांचं अर्ध्या तासावर नेता आलं, तर पुष्कळ आहे.

ओली_पानं | 12 जुलै, सकाळी 11:05

विषयाला सोडून आहे, तरी विचारते. फोटोंचे अल्बम होते का? असतील तर टाकू नका, मी जुन्या कागदपत्रांचं काम करते.

तळमजला_डागा | 12 जुलै, दुपारी 12:30

आईबाबांच्या लग्नाचा अल्बम माळ्यावर पिशवीत आहे. वीट झाली आहे त्याची. आई उघडू देत नाही, टाकूही देत नाही.

ओली_पानं | 12 जुलै, दुपारी 12:52

त्या काळचे फोटो स्टुडिओतले, रसायनात धुतलेले, म्हणजे ते मुळात पाण्यातूनच आलेले असतात. (घरच्या प्रिंटरवरचे असते तर मी गप्प बसले असते, शाई वाहून जाते.) सुके असताना ओढाओढ अजिबात नको. जेवढे वरून दिसतात त्यांचे आधी मोबाइलवर फोटो काढून ठेवा. मग सगळ्यात कमी जिव्हाळ्याचा एखादा गठ्ठा घ्या, स्वच्छ थंड पाण्याच्या परातीत बुडवा, पाऊण-एक तास वाट पाहा. आपोआप सैल होतात तेवढेच सोडवायचे. चित्राच्या बाजूला बोट लावायचं नाही, ती ओली असताना साय असते साय. टीपकागदावर चेहरा वर करून सावलीत वाळवा. पंख्याचा वारा चालेल, ऊन नको.

पूर ताजा असता तर सांगितलं असतं की वेळ नसेल तर पिशवीत घालून सरळ फ्रीजरमध्ये टाका. पुढच्या कुणाला कामी येईल म्हणून लिहिते.

मानेवाडा_चारनंबर | 13 जुलै, रात्री 9:20

माझे बाबा एप्रिल 2021 मध्ये गेले. त्या महिन्यात नागपुरात ज्यानं कुणी माणूस घाटावर नेला, त्याला वेगळं काही सांगायला नको. आम्ही नेलंही नाही, लांबून पाहिलं. 23 एप्रिलला विशाखापट्टणमहून ऑक्सिजनची रेल्वे आली, तीन टँकर आपल्याकडे उतरवले, टीव्हीवर लोक टाळ्या वाजवत होते. बाबा 19 ला गेले होते. आईनं टीव्ही बंद केला. तो पुढे वर्षभर कुणी लावला नाही.

तेरा दिवस कुणी आलं नाही. येऊ शकत नव्हतं. पण फाटकाला रोज सकाळी डबा लटकवलेला असायचा. कधी वरण-भात, कधी झुणका. कुणाचा ते पहिले चार दिवस कळलंच नाही, डब्यांवर नावं नव्हती. मी घासून परत फाटकाला लावायचो.

आई सावरली कशी, ते मला नीट सांगता येत नाही. एक मात्र आठवतं. 2020 आणि 2021 ला मारबतीची, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी इडापिडा घेऊन जाणाऱ्या पुतळ्यांची, मिरवणूक निघाली नव्हती. 2022 ला निघाली, तेव्हा आई म्हणाली मला इतवारीत ने. ती कधी जायची नाही, गर्दी आवडत नाही तिला. नेहरू पुतळ्याजवळ काळी आणि पिवळी समोरासमोर आल्या. आणि माझी आई, जी घरात मोठ्यानं बोलत नाही, ती बेंबीच्या देठापासून ओरडली, 'घेऊन जाय गे मारबत!' दोनदा, तीनदा. आजूबाजूच्या बाया बघायला लागल्या, मग त्याही तिच्याबरोबर ओरडल्या. येताना आम्ही आलूबोंडा खाल्ला. रात्री तिनं टीव्ही लावला.

मारबतीनं काही नेलं असं मी म्हणत नाही. पण ओरडायला एक जागा मिळाली. तेराव्यालाही मिळाली असती, पण तो झालाच नव्हता.

वाट_जंगलाची | 14 जुलै, रात्री 8:45

बरेच दिवसांनी लिहितोय. माझं आडनाव सांगत नाही, समाज गोवारी.

तुम्ही सगळे आपलं दुःख सांगताय, ते मनाला लागलं, म्हणून आमचंही सांगतो. 23 नोव्हेंबर 1994, हिवाळी अधिवेशन चालू, अनुसूचित जमातीचे दाखले मिळावेत म्हणून मोर्चा. लाठीमार झाला आणि त्या चेंगराचेंगरीत 114 माणसं गेली. बहुतेक बाया आणि लेकरं. माझी आजी तिथं होती, ती वाचली. गावी परत आली ती आयुष्यभर रांगेत उभी राहिली नाही. रेशनचं दुकान असो की दवाखाना, ती लांब झाडाखाली बसायची आणि आम्हा पोरांना रांगेत लावायची. जत्रेत नाही, लग्नाच्या पंगतीत नाही.

वर्षातून एका दिवशी मात्र जायची. 23 नोव्हेंबरला, झिरो माईलजवळच्या स्मारकाला. तिथं तर खच्चून गर्दी असते. मी तिला विचारलं होतं, आजी इथं भीती नाही वाटत? म्हणाली, इथं सगळ्यांना ठाऊक आहे मी का घाबरते. जीव सोडेपर्यंत गेली. 2018 ला उच्च न्यायालयानं आमच्या बाजूनं निकाल दिला तेव्हा गावात गुलाल उधळला, 2020 ला सर्वोच्च न्यायालयानं तो फिरवला. आजीला पहिला निकाल कळला होता, दुसरा आम्ही सांगितलाच नाही.

एक विचारू? वर्धा रोडवरून बर्डीत, म्हणजे सीताबर्डीत, जो उड्डाणपूल येतो, त्याला तुम्ही काय म्हणता?

प्रतापनगर_चौक | 14 जुलै, रात्री 9:10

बर्डीचा पूल.

मानेवाडा_चारनंबर | 14 जुलै, रात्री 9:14

मीही.

वाट_जंगलाची | 14 जुलै, रात्री 9:30

त्याचं नाव आदिवासी गोवारी शहीद उड्डाणपूल आहे. भांडायला नाही आलो. तुमच्या पुराची गोष्टही अजून तीस वर्षांनी कुणीतरी 'अच्छा, असं झालं होतं का' म्हणून ऐकेल. ताईंच्या आईला आजचं शहर हेच म्हणून राहिलं ना, की आता किती दिवस? माझ्या आजीलाही तेच म्हणायचे. तिला ज्यांनी तसं विचारलं नाही, त्यांच्यातच ती बरी असायची. एवढंच.

तळमजला_डागा | 15 जुलै, सकाळी 6:30

दादा, मी त्या पुलावरून वीस वर्षं ऑफिसला जाते. मला माहीत नव्हतं. काय लिहू?

मोवाडचा_पाहुणा | 15 जुलै, रात्री 10:00

मी काही दिवस नुसता वाचत होतो. आमचं मोवाड, तालुका नरखेड, आपल्याच जिल्ह्यातलं. 30 जुलै 1991 ला वर्धा नदीनं गाव नेलं. 204 माणसं गेली. मी पाचवीत होतो. गाव नंतर दुसरीकडे वसवलं, आता सरळ रस्ते आहेत.

नवीन घरं मिळाल्यावर आमच्या घरचे म्हातारे पावसाळ्यात झोपायचे नाहीत. नदी लांब गेली होती, तरी नाही. माझा आजा तर काठी घेऊन रात्रभर दारात. मग कुणाच्या डोक्यातून निघालं माहीत नाही, पण आमच्या ओळीतल्या म्हाताऱ्यांनी पाळ्या लावल्या. शेतात जागलीला जातात तशा. आजाची पाळी पहिल्या पहाराची. संपली की पुढच्या घरची कडी वाजवायची, आतून खाकरल्याचा आवाज आला की आपण घरी येऊन झोपायचं. आणि तो झोपायचा! घोरायचा. कारण कुणीतरी जागं आहे हे त्याला माहीत असायचं.

तुमच्या आईला झोप म्हणून सांगू नका. तिची पाळी कधी संपते, ते तिला सांगा.

पाचपावली_ओपीडी | 15 जुलै, रात्री 10:40

मी इतका लांब प्रतिसाद लिहिला आणि तुम्ही दोन शब्दांत सांगितलंत, 'कडी वाजवायची'.

गाडीवाला_खामला | 15 जुलै, रात्री 11:15

ताई, ग्रुप बनवा. मले घ्या त्यात. मी तसाही उशिरापर्यंत जागाच असतो.

तळमजला_डागा | 4 सप्टेंबर 2025, रात्री 11:50

जे झालं ते सांगून टाकते, दीड महिना लिहायचं राहिलं.

गल्लीतल्या नऊ घरांचा ग्रुप केला, अधिक खामल्याचे भाऊ, अधिक अंबाझरी लेआउटमधले एक निवृत्त सर, ज्यांच्या गच्चीवरून सांडव्याच्या बाजूचं पाणी दिसतं. पावसाच्या रात्री दोन-दोन तासांच्या पाळ्या. जो जागा आहे त्यानं तासाला एक फोटो टाकायचा आणि जाताना पुढच्याला फोन करायचा. नुसता मेसेज चालणार नाही, ही अट आईनं घातली. पलीकडून आवाज आल्याशिवाय ती पाळी सोडत नाही. मोवाडच्या दादांची खाकरण्याची गोष्ट तिला वाचून दाखवली होती.

पहिल्या तीन रात्री काही उपयोग झाला नाही. दुसऱ्यांच्या पाळीतही ती उठून पायऱ्या बघायची आणि सरांच्या फोटोत चुका काढायची. चौथ्या वेळी पाऊस आला तेव्हा बारा ते दोन तिची पाळी होती. दोनला फोन केला, खोलीत गेली. मी दाराशी उभी राहून ऐकत होते. सकाळी साडेसहाला उठली. पुन्हा दोन रात्री बसून काढल्या. असं चालू आहे. डॉक्टरांकडे नेलं, थायरॉइड निघाला, गोळी सुरू आहे.

अल्बम भिजवला. ओली_पानं ताई, अकरा फोटो सुटले. एका फोटोत बाबांचा चेहरा गेला आहे, फक्त मुंडावळ्या राहिल्या. आईनं तोच फ्रेम करायला टाकला. का, ते मी विचारलं नाही.

महालक्ष्म्या 31 ऑगस्टला बसल्या. गेल्या वर्षी आम्ही काकांकडे नेल्या होत्या, यंदा आई म्हणाली, इथंच, हॉलमध्येच. फक्त मुखवट्यांखालच्या कोठ्या टेबलावर ठेवल्या. 1 तारखेच्या जेवणाला खामल्याचे भाऊ आले होते, आंबील तीनदा घेतली. 2 तारखेला विसर्जन केलं. आई अक्षता टाकताना म्हणाली, 'त्या वर्षीचंही आजच धरा.'

वाट_जंगलाची दादा, 23 नोव्हेंबरला आम्ही दोघी यायचं म्हणतो. चालेल ना? आईला फार वेळ उभं राहवत नाही.

आत्ता पाऊस सुरू झाला आहे. आज पुन्हा बारा ते दोन तिची पाळी.

वाट_जंगलाची | 5 सप्टेंबर, रात्री 12:20

या. बसायला खुर्ची ठेवतो. सकाळी लवकर या, नंतर गर्दी होते.

गाडीवाला_खामला | 5 सप्टेंबर, रात्री 1:48

दोन ते चार मी आहो. मावशीले म्हणा, झोपा आता.

तळमजला_डागा | 5 सप्टेंबर, रात्री 1:50

सांगितलं. म्हणते, अजून दहा मिनिटं आहेत.